क्रेग पिसारेकचा आवाज

डेल्फीन पिसारेकने अमेरिकेतल्या बफेलो शहरातल्या एका अख्ख्या पिढीच्या हातावर फुली मारलेली आहे. आता साठीला टेकलेले, टक्कल पडलेले, पोट सुटलेले पुरुष बाजारात तिला भेटतात, मूठ तिच्यापुढे धरतात आणि म्हणतात, "मिसेस पी, मारा फुली." ती म्हणते, "आधी हात धू." विनोद चाळीस वर्षं जुना आहे, पण दोघांनाही अजून पुरतो.

ही पोरं रविवारी दुपारी पोलिश माजी सैनिकांच्या हॉलमध्ये जमायची. हार्डकोर पंक म्हणजे काय ते मला तिनेच एकदा सांगितलं. "दीड मिनिटाचं गाणं. गिटार म्हणजे लाकूड कापायची करवत. आणि गाणारा असा ओरडतो, जणू त्याचा पाय दारात सापडलाय. एक संपलं की लगेच दुसरं." बापांचे पोलादाचे कारखाने बंद पडलेले, पोरांना पुढचं काही दिसत नव्हतं, आणि त्यांना कुणी दारात उभं करत नव्हतं. हॉलच्या किल्ल्या डेल्फीनकडे असत, कारण शुक्रवारी तिथे तळलेल्या माशांचं जेवण असायचं आणि ते स्वयंपाकघर ती बघायची. कमिटीवरच्या म्हाताऱ्यांना तिने सांगितलं, चर्चमधल्या मुलांचा गाण्याचा कार्यक्रम आहे. एक म्हातारा खात्री करायला आला. त्याने दोन गाणी ऐकली, कानातलं यंत्र काढून खिशात टाकलं आणि शेवटपर्यंत बसून राहिला. जाताना एकच अट घातली, बारवर पोरांना दारू मिळता कामा नये. म्हणून डेल्फीन दारात खुर्ची टाकून बसायची आणि प्रत्येकाच्या हातावर काळ्या मार्करने मोठी फुली मारायची. फुलीवाल्याला फक्त सोडा. फुली दोन दिवस निघत नसे. सोमवारी शाळेत मास्तरांना बरोबर कळायचं, काल कोण कुठे होतं.

तिचा क्रेग त्यातल्याच एका बँडमध्ये गायचा. बँडचं नाव 'बर्स्ट पाइप', कारण घराच्या तळघरात पहिला सराव केला त्याच दिवशी थंडीने पाण्याचा पाइप फुटला होता. ड्रमवर विन्स तेदेस्को. गिटारवर आणखी दोघं होते, ते पुढे दुसऱ्या राज्यांत गेले आणि आता नाताळला कार्डं पाठवतात.

क्रेगला मी पाहिलेलं नाही. १९८५च्या फेब्रुवारीत रॉचेस्टरहून कार्यक्रम करून परतताना त्यांची गाडी बर्फावरून घसरली. क्रेग अठरा वर्षांचा होता. गाडी विन्स चालवत होता. विन्सचा डावा हात मोडला, बाकी काही झालं नाही. त्यानंतर आठ वर्षांनी मी डेल्फीनच्या घराचा वरचा मजला भाड्याने घेतला आणि अजून तिथेच आहे. क्रेगचा जो काही फोटोतला चेहरा मला माहीत आहे, तो तिच्या फ्रीजवर लावलेला.

विन्सला मात्र मी पहिल्याच आठवड्यात पाहिलं. तो फावड्याने आमच्या दारातला बर्फ उपसत होता. मला वाटलं, डेल्फीनचा मुलगा असेल. हळूहळू कळलं. अपघातानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात तो असाच फावडं घेऊन आला होता आणि डेल्फीनने पडद्याआडून त्याला बघूनही दार उघडलं नव्हतं. दुसऱ्या हिवाळ्यात तिने पायरीवर कॉफीचा कप ठेवला. तिसऱ्या हिवाळ्यात आत बोलावलं. अपघाताबद्दल दोघं कधी एक अक्षर बोलले नाहीत. विन्स छपरांची कामं करतो. लग्न केलं नाही. त्याला एक सवय आहे, कुठलाही शब्द दोनदा म्हटल्याशिवाय तो म्हटल्यासारखा त्याला वाटत नाही. "मिसेस पी, जिन्यावर मीठ टाकलंय, मीठ." "आलो, आलो." "बुटांनी येऊ नका अंगणात, बुटांनी नको, घसराल."

"ड्रम वाजवणारा ना," डेल्फीन मला म्हणायची, "एका ठोक्यावर त्याचं भागत नाही."

आता कॅसेटचं सांगते, कारण सगळं त्यावरच अडलेलं आहे.

'बर्स्ट पाइप'ने तळघरात सात गाणी रेकॉर्ड केली होती. डेल्फीनचा नवरा लेनर्ड कारखाना बंद पडल्यावर टेक्सासला कामाला गेला आणि तिकडचाच झाला. त्याच्या पोल्का नाचाच्या चाळीस कॅसेट घरात पडून होत्या. पुन्हा रेकॉर्ड होऊ नये म्हणून त्याने त्यांच्या पाठीवरचे प्लास्टिकचे दात नीट मोडून ठेवलेले. पोरांनी त्या भोकांवर चिकटपट्टी लावली आणि पोल्काच्या डोक्यावर आपलं ओरडणं भरलं. डेल्फीननेच पट्टी कापून दिली. "आयुष्यात एवढं समाधान मला दुसऱ्या कशात मिळालं नाही," असं ती सांगते.

या पोरांची एक रीत होती. कॅसेट विकायची नाही. कुठल्यातरी गावचा, कुठल्यातरी देशातला मुलगा पत्र पाठवायचा, त्यात एक कोरी कॅसेट आणि टपालाची तिकिटं. त्याला आपली कॅसेट पाठवायची. त्याने ऐकायची, मित्रांना उतरवून द्यायची, आणि मग त्यावर आपल्या गावच्या बँडची गाणी भरून पुढे धाडायची. एका जागी पडून राहिलेली कॅसेट म्हणजे मेलेली कॅसेट, असं ते म्हणत.

क्रेग गेल्यानंतरही पत्रं येत राहिली. ओहायोतून, ब्राझीलमधून, फिनलंडमधून. त्या पोरांना कळणार कसं? घरात सोळा कॅसेट उरल्या होत्या. तेव्हा तिला त्यांच्याकडे बघवतसुद्धा नव्हतं, लावून ऐकणं तर दूरच. पण पत्रात एखादा पंधरा वर्षांचा मुलगा लिहायचा, 'मी वाट बघतोय,' आणि तिला ते टाकून देववत नसे. तिने एकेक पाठवली. प्रत्येकीवर लिहिलं, 'क्रेगच्या आईकडून'. तिच्या डोळ्यांदेखत एका कॅसेटच्या चार झालेल्या होत्या, त्यामुळे ही गोष्ट कधी संपते असं तिच्या मनातच आलं नाही. त्याच वर्षी जुलैमध्ये शेवटची पाठवली, तीही मूळची, जिच्यावरून बाकीच्या उतरवल्या होत्या ती.

दोन वर्षांनी तिला ऐकावंसं वाटलं. घरात एकही नव्हती. विन्सची गाडीबरोबर गेली होती, गिटारवाल्या दोघांनी आपापल्या कधीच पुढे धाडल्या होत्या. ज्यांना ज्यांना पाठवल्या होत्या, त्यांनी रीतीप्रमाणे वर दुसरं काही भरून पुढे धाडल्या होत्या.

हे सगळं तिने मला तुकड्यातुकड्याने सांगितलं. पण खरी गोष्ट तिने एकदाच सांगितली, चार वर्षांपूर्वी, कोबीची पानं उकडत असताना. माझ्याकडे न बघता म्हणाली, "वसू, मला त्याचा आवाज आठवत नाही."

मी म्हटलं, "इतक्या वर्षांनी कुणाला आठवतो?"

"चेहरा आठवतो. वास आठवतो. स्वप्नात येतो, तोंड उघडतो, आणि बोलतो विन्सच्या आवाजात." तिने चिमट्याने एक पान बाहेर काढलं. "दर आठवड्याला तोच आवाज कानावर पडतो ना. त्याने ती जागा घेतली. सांगू कुणाला हे? विन्सला?"

गेल्या वर्षी ऑक्टोबरमध्ये कोरा आली. तिशीतली, बारीक, हातात कायम वही. या शहरातल्या त्या पाच वर्षांवर ती माहितीपट करत होती. फुल्या मारणाऱ्या बाईशिवाय तिचा माहितीपट पुरा होणार नव्हता. डेल्फीनने तिला समोर बसवलं, पिरोगी, म्हणजे बटाटा भरून उकडलेल्या पोलिश करंज्या, वाढल्या आणि सांगितलं, "मी वाटेल तेवढं बोलेन. मला क्रेगचा आवाज शोधून दे."

"प्रयत्न करते."

"प्रयत्न माझा चाळीस वर्षं चालू आहे. तू शोधून दे. मी एक्क्याऐंशी वर्षांची आहे."

कोराने वहीत लिहून घेतलं. माणसं चटकन लिहून घेतात तेव्हा मला काळजी वाटते, पण ही मुलगी शब्दाची पक्की निघाली. महिन्याभरात तिने हॉलमधली एक जुनी व्हिडिओ फीत मिळवली. आम्ही तिघी डेल्फीनच्या बैठकीत बसून बघत होतो. चित्र फुटलेलं, पिवळं. कॅमेरा सगळा वेळ समोरच्या गर्दीवर. पोरं एकमेकांवर आदळतायत, कुणी मंचावरून उडी मारतंय आणि खालचे त्याला वरच्यावर झेलतायत. डाव्या कडेला गाणाऱ्याचा एक खांदा आणि कोपर.

"तोच," डेल्फीन म्हणाली.

गाणं सुरू झालं. पहिला शब्द यायच्या आत त्या कोपराने माइक खाली गर्दीत धरला आणि वीसेक पोरांनी गळे काढून अख्खं गाणं म्हटलं. त्यांच्यात तसंच असायचं. गाणारा एकटा मोठा नाही, सगळ्यांचं गाणं. दुसऱ्या गाण्यालाही तेच, तिसऱ्यालाही तेच.

"स्वतःच्या तोंडाशी धरायला काय झालं होतं कार्ट्याला?" डेल्फीन पडद्याला म्हणाली. मग तिने टीव्ही बंद केला आणि कॉफीचे कप उचलले. एक कप तिच्या हातून सिंकमध्ये पडला, तो तिने उचललाच नाही.

त्यानंतर डिसेंबरात फिनलंडहून पत्र आलं. कोराने इंटरनेटवर विचारणा केली होती. औलूचा यार्को नावाचा माणूस, वय चौपन्न. त्याने लिहिलं होतं, 'शेवटची कॅसेट माझ्याकडेच आली होती. १९८६ साली मी तिच्यावर आमच्या बँडची गाणी भरली. माझा हात मोडला असता तर बरं झालं असतं. आमची गाणी कुणालाच नको होती, म्हणून ती पुढे गेली नाही. तीच पाठवतोय. तुम्हाला नको असल्यास फेकून द्या.'

जाड पाकिटातून ती कॅसेट निघाली. लेबलावर फिनिश नाव, आणि त्याखाली फिकट झालेलं डेल्फीनचं अक्षर, 'क्रेगच्या आईकडून'. पाठीच्या भोकावर तिनेच कापलेली चिकटपट्टी अजून होती.

कोराने फोनवर बजावलं, "जुन्या टेपवर लावू नका. आम्ही नीट उतरवून घेऊ. दोन आठवडे थांबा."

डेल्फीन तास-दीड तासही थांबली नाही. मला वरून ऐकू येत होतं. फिनिश पोरं पाऊण तास ओरडत होती आणि ती एकटी ऐकत बसली होती. मी खाली गेले. ती टेपरेकॉर्डरसमोर ताठ बसली होती, डॉक्टरांच्या दाराबाहेर बसतात तशी. दुसरी बाजू संपत आली. फिनिश पोरं थांबली. खट् असा आवाज झाला. मी म्हटलं, "डेल्फीन, संपलं गं," तर तिने हात वर केला.

खरखर बदलली होती, खालचं जुनं रेकॉर्डिंग उघडं पडलं होतं. कुठेतरी पाणी टिपटिपत होतं. मग एका बाईचा आवाज आला, तरुण, वैतागलेला, "पिरोगी गार होतायत, किती वेळा सांगू तुम्हाला?"

तो डेल्फीनचाच आवाज होता.

मग एका मुलाचा, "पाच मिनिटं. दार, दार."

मग तोच, "एक, दोन, तीन..." आणि फीत संपली.

अकरा सेकंद. डेल्फीनने दोन्ही हात टेबलावर पसरले, टेबल कुणी ओढून नेऊ नये तसे. मग म्हणाली, "बघितलंस, माझ्यावर खेकसला. अगदी असाच खेकसायचा."

'दार, दार' मी एकतीस वर्षं ऐकत आले होते.

विन्स दुसऱ्या दिवशी सकाळी आला. बूट काढतानाच म्हणाला, "लावा, लावा." डेल्फीनने लावलं. तो स्वयंपाकघरात फ्रीजला टेकून उभा राहिला. अकरा सेकंद संपले. मी त्याच्याकडे बघत होते. त्याचा चेहरा हळूहळू राखेसारखा झाला.

"तोच आहे ना रे?" डेल्फीनने विचारलं. "मला सांग. तुझ्याशिवाय कुणाला माहीत असणार? मला..." ती अडखळली. "मला आता सांगता येत नाही, विन्स. आई असून सांगता येत नाही. तू सांग."

विन्सने तोंड उघडलं आणि मिटलं. मग मान हलवली. हो.

"तोंडाने सांग."

"क्रेग," तो म्हणाला. एकदाच.

डेल्फीन रडली. मी तिला इतक्या वर्षांत रडताना पाहिलं नव्हतं. विन्स बाहेर पडला आणि मागच्या जिन्याच्या पायरीवर बसला. मी कचरा टाकायचं निमित्त करून गेले. त्याने वर न बघता सांगितलं, "तो तिथेच होता, वसू. माझ्यासमोर, पाइपला टेकून. तिच्यावर खेकसलो म्हणून मला दात दाखवत होता. बोलला नाही. काहीच बोलला नाही."

"तिला सांगशील?"

"गाडी मी चालवत होतो," विन्स म्हणाला. "आणि आता हेही मीच काढून घेऊ?"

मग त्याने माझ्याकडे पाहिलं. "तू काही बोलू नकोस, नकोस."

कोराला मात्र कुणी सांगायची गरज पडली नाही. नोव्हेंबरात तिने विन्सची मुलाखत घेतली होती, कॅमेऱ्यासमोर तीन तास. त्यात तो पहिल्यांदा त्या फेब्रुवारीबद्दल बोलला होता. रस्ता, वळण, मागे झोपलेला क्रेग, सगळं. त्याने मला सांगितलं होतं की, हे एकदा पडद्यावर गेलं की मिसेस पी बघतील, मग त्यांना काय म्हणायचं ते म्हणू देत. चाळीस वर्षं तो तेवढ्याचीच वाट बघत होता. जानेवारीत कोरा आली आणि मागच्या जिन्यातच त्याला गाठलं. मी वरच्या दारात उभी होते आणि मी आत गेले नाही.

"कॅसेटवरचा आणि तुझ्या मुलाखतीतला, दोन्ही आवाज माझ्याकडे शेजारी शेजारी आहेत, विन्स. मला ऐकावंसुद्धा लागत नाही, संगणकावर नुसते दिसतात. मी ते क्रेगचा आवाज म्हणून दाखवू शकत नाही. ते खोटं होईल."

"नाव लिहू नकोस. काळा पडदा ठेव आणि आवाज लाव. नाव ती स्वतः लिहील."

"आणि दहा मिनिटांनी तू पडद्यावर येऊन बोलशील. शब्द दोनदा म्हणशील. थिएटरातल्या शेंबड्या पोरालाही कळेल. तिला कळणार नाही?"

विन्स म्हणाला, "मला काढून टाक."

"तीन तासांचं आहे ते. माझ्या माहितीपटाचा कणा आहे तो."

"काढून टाक."

"तू सही केली आहेस. मी नाही म्हणू शकते."

"म्हणू शकतेस," विन्स म्हणाला. "म्हण."

कोरा जिन्यावर बसली. वही बंद होती. खाली डेल्फीनच्या स्वयंपाकघरातून ते अकरा सेकंद पुन्हा सुरू झाले होते. पिरोगी गार होतायत. पाच मिनिटं. कोराने ते संपेपर्यंत ऐकलं आणि मग उठून गेली.

मार्चमध्ये जुन्या सिनेमागृहात माहितीपट दाखवला. डेल्फीनने निळा कोट घातला होता. रांगेतले सगळे टकले तिच्यापुढे मुठी धरत होते आणि कोराने खरोखरच एक मार्कर आणून तिच्या हातात दिला होता. आम्ही तिसऱ्या रांगेत बसलो, मध्ये डेल्फीन, तिच्या एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला विन्स. पडद्यावर सगळे आले. हॉल आला, म्हातारे आले, कानातलं यंत्र काढणाऱ्याचा नातू आला. डेल्फीन आली आणि लोक हसले. मग पडदा काळा झाला. पाणी टिपटिपलं. पाच मिनिटं. दार, दार. एक, दोन, तीन. काळ्या पडद्यावर काही लिहिलेलं नव्हतं. अंधारात डेल्फीनने विन्सचा हात धरला. त्याच्या हातावर तिने मघाशी मारलेली फुली होती. लगेच ढोल-गिटारांचा कडकडाट झाला आणि दुसऱ्या कुणाचंतरी गाणं सुरू झालं.

बाहेर आल्यावर ती म्हणाली, "तू कसा नाहीस रे त्यात? इतके दिवस ती पोरगी तुझ्यामागे कॅमेरा घेऊन फिरत होती."

विन्सने खांदे उडवले.

"विचारते मी तिला. असं कसं?"

त्याने मान हलवली, नको म्हणून. तिथे उभे असलेले दोन-तीन जण, जे तेव्हा हॉलमध्ये असत, आपल्या बुटांकडे बघत होते. त्यांना कळलं होतं. त्यांच्यापैकी कुणी काही बोललं नाही, हे मी त्यांच्या बाजूने नमूद करते.

त्याला आता आठ महिने झाले. पुन्हा बर्फ पडायला लागला आहे. विन्स येतो, फावडं मारतो, मीठ टाकतो. स्वयंपाकघरात येऊन कॉफी पितो. पण बोलत नाही. अगदीच लागलं तर एखादा शब्द, तोही एकदाच, कप तोंडाशी धरून. डेल्फीन माझ्याकडे कुरकुर करते. "विन्सला काय झालंय गं? वय झालं की काय त्याचं? दगडाशी बोलल्यासारखं होतं." मी म्हणते, थकला असेल, छपरांची कामं या वयात झेपत नाहीत. ती म्हणते, "नाही, काहीतरी आहे. पूर्वी किती बडबडायचा. आता क्रेगचा आवाज मिळाला, तर हा मुका झाला."

परवा मी खाली साखर मागायला गेले होते. विन्स कॉफी संपवून उठला, जाकीट घातलं आणि बाहेर पडला. दार अर्धवट उघडं राहिलं आणि वाऱ्याबरोबर थोडा बर्फ आत आला. डेल्फीनचा हात टेपच्या बटणावर होता. ती तिथूनच ओरडली, "दार, विन्स."

तो पायरीवर थांबला. मला त्याची पाठ दिसत होती. पूर्वी म्हणाला असता, लावतो, लावतो. तो वळला, आमच्याकडे न बघता दार ओढून घेतलं, आणि खिट्टी बसेपर्यंत बाहेरून धरून ठेवलं.

डेल्फीनने बटण दाबलं.